साहेब, ऑर्डर आलीय!

काका केस जिंकले त्याला दीड वर्ष झालं. निवृत्त शिक्षक, वेतनश्रेणीच्या फरकाची केस, उच्च न्यायालयाचा स्वच्छ आदेश: तीन महिन्यांत रक्कम द्या. पैसे अजून आलेले नाहीत. काका दर महिन्याला त्या ऑफिसात जातात, 'फाइल वर गेलीय' ऐकतात आणि परत येतात. गेल्या रविवारी मी विचारलं, अवमान याचिका का नाही टाकली? तर म्हणे, "अरे, साहेबांना कोर्टात उभं करायचं म्हणजे बरं दिसत नाही."

आता गंमत बघा. न्यायालय अवमान कायदा, १९७१, कलम २०: अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत कारवाई सुरू व्हावी लागते. म्हणजे मुदतीचे तीन महिने आणि वर बारा. काकांचा सभ्यपणा तीन महिने जास्त झाला! (वकील म्हणतात, 'अवमान अजून चालूच आहे' असा मुद्दा मांडून बघू. बघू.)

दुसरी गोची व्याख्येत आहे. दिवाणी अवमान म्हणजे आदेशाचा 'हेतुपुरस्सर' भंग. पण फाइल क्लार्ककडून कक्ष अधिकाऱ्याकडे, तिथून विधी विभागाच्या अभिप्रायाला, मग वित्त विभागाकडे, आणि 'त्रुटी पूर्तता करून फेरसादर करावे' असा शेरा घेऊन पुन्हा खाली... यात हेतू नेमका कुणाचा? आमच्याकडेही तिकीट क्लोज होत नसलं की लोक ते दुसऱ्या टीमला असाइन करतात. सेम! फक्त आमचा एसएलए चुकला की मॅनेजरला मेल जातो. आणि 'अपील प्रस्तावित आहे' ही तर लाडकी सबब. अहो, नुसतं अपील केल्याने स्थगिती मिळत नाही, ती वेगळी मागावी लागते. खरंच अडचण असेल तर कोर्टाकडून मुदत वाढवून घ्या ना.

शिक्षा होतच नाही असं नाही. १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कर्नाटकातले सचिव जे. वासुदेवन यांना आदेश न पाळल्याबद्दल एक महिना कैद सुनावली. २००६ मध्ये आपल्याच राज्याचे मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि प्रधान सचिव अशोक खोत यांना आरागिरण्यांच्या प्रकरणात तेवढीच. त्यांची माफीही कोर्टाने स्वीकारली नाही. पण तिथे आदेशाविरुद्ध परवानगी दिली गेली होती, म्हणजे केलेली गोष्ट कागदावर होती. काहीच न करणारा माणूस सापडायला अवघड. नोटीस आली की तारखेच्या आदल्या दिवशी चेक निघतो, प्रतिज्ञापत्रात 'बिनशर्त माफी' येते आणि प्रकरण निकाली. मधल्या वर्षाचं काय? ते काकांचं गेलं, साहेबांचं नाही.

मला कुणाला तुरुंगात बघायची हौस नाही. कायद्यात सहा महिन्यांपर्यंत कैद आहे, आणि दंड किती? जास्तीत जास्त २००० रुपये. त्यापेक्षा उशिराचं व्याज, ज्याच्या टेबलावर फाइल पडली होती त्याच्या पगारातून कापा. कोर्टं कधीकधी खर्च अधिकाऱ्याच्या माथी मारतात, पण ते नियमाने व्हायला हवं. टेबलांवरच्या तारखा फाइलवर असतातच, हिशोब सोपा आहे.

तोवर तुमच्या घरात कुणी जिंकलं असेल तर आदेशाची प्रमाणित प्रत द्या आणि तारीख-शिक्क्याची पोच घ्या. मुदत संपल्याच्या दिवसापासून बारा महिने मोजून मोबाइलवर रिमाइंडर लावा. काकांच्या फाइलमध्ये सगळं होतं, अगदी जुन्या पगाराच्या स्लिपासुद्धा. पोच तेवढी नव्हती. साहेबांकडे शिक्का मागायचा संकोच वाटला म्हणे.