विश्लेषण : बुडालेल्या गावांची विज्ञानकथा कोण लिहिणार?

उन्हाळ्यात उजनीचे पाणी खाली गेले, की इंदापूर तालुक्यातील जुन्या पळसदेवचे पळसनाथ मंदिर उघडे पडते. जपानमधील एका विज्ञानकथा लेखकाने तर अख्खा देश बुडण्यावर कादंबरी लिहिली. त्यांची कारकीर्द आणि मराठी विज्ञानकथा यांचा हा आढावा.

साक्यो कोमात्सु कोण होते?

कोमात्सु यांचा जन्म १९३१ मध्ये ओसाका येथे झाला. युद्धात बेचिराख झालेला जपान त्यांनी शाळकरी वयात पाहिला. १९६४ मध्ये लिहायला घेतलेली ‘जपान बुडतो’ ही कादंबरी १९७३ मध्ये प्रसिद्ध झाली. तिच्या सुमारे ४० लाख प्रती खपल्या आणि त्याच वर्षी तिच्यावर चित्रपटही आला. पुढे १९८४ मधील ‘सायोनारा ज्युपिटर’ या चित्रपटाची पटकथा आणि मुख्य दिग्दर्शन त्यांनी स्वतः केले. त्याला मात्र कादंबरीसारखे यश लाभले नाही. २०११ मध्ये त्यांचे निधन झाले.

कादंबरी एवढी का गाजली?

भूगर्भातील हालचालींमुळे जपान बुडणार, हे एका शास्त्रज्ञाला कळते. भूमी वाचवण्याचा उपाय नसतो. माणसे देशोदेशी हलवावी लागतात. जमीन गेल्यावर समाज म्हणून काय उरते, हा कोमात्सुंचा खरा प्रश्न होता.

मराठीत काय घडले?

‘जपान बुडतो’ आल्यानंतर वर्षभरातच, १९७४ मध्ये, मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेत ‘नारायण विनायक जगताप’ या अपरिचित लेखकाच्या ‘कृष्णविवर’ कथेला पहिले पारितोषिक मिळाले. हे लेखक म्हणजे डॉ. जयंत नारळीकर. स्वतःच्या नावाची आद्याक्षरे उलटी करून त्यांनी हे नाव घेतले होते. पुढे पुण्यातील ‘आयुका’चे संस्थापक संचालक झालेल्या नारळीकरांचे लेखन अखेरपर्यंत वाचले गेले. २० मे २०२५ रोजी त्यांचे निधन झाले. त्यांच्या ‘हिमप्रलय’मध्येही मोठी आपत्ती आहे, पण तिथे विज्ञान उपाय शोधते. कोमात्सुंकडे उपाय नाही, विस्थापन आहे.

इंदापूरशी याचा संबंध काय?

भीमेवरील उजनी धरण १९८०च्या सुमारास पूर्ण झाले. पाण्याने ऊस आणला, पण त्यासाठी गावे उठली. कोमात्सुंना जे कल्पावे लागले, ते इथे प्रत्यक्ष घडले आहे. हवामानबदलाच्या काळात ‘उद्या कोणती गावे जातील?’ हा प्रश्न विज्ञानकथेचाच आहे, आणि त्याचे पहिले साक्षीदार धरणग्रस्त आहेत. जुने गाव डोळ्यांनी पाहिलेली पिढी आता साठीच्या आसपास किंवा पुढे आहे. ‘कृष्णविवर’ला पारितोषिक मिळाले, तेव्हा परीक्षकांना लेखक ठाऊक नव्हता. पळसदेवच्या कथेलाही मोठे नाव लागणार नाही. मात्र आजीकडून ती ऐकून घ्यायला वेळ थोडा उरला आहे.