पकडणारा थोर की सोडणारा?

मुलांनो, जपानात १९९६ साली निघालेल्या ‘पोकेमॉन’ या व्हिडिओ खेळात दंतकथेतला दुर्मीळ प्राणी पकडला की खेळाडूला धन्यता वाटते. त्यात वावगे काही नाही. तो प्राणी चित्रातला असतो. परंतु मालवणच्या समुद्रात कधी कधी खराखुरा दुर्मीळ जीव जाळ्यात सापडतो. तो म्हणजे व्हेल शार्क, जगातील सर्वांत मोठा मासा! २००१ पासून कायद्याने त्याला संरक्षण दिले आहे. त्याला सोडवताना मच्छीमाराला आपले मोलाचे जाळे कापावे लागते. २०१८ पासून शासन त्याची भरपाई देते. तथापि भरसमुद्रात जाळ्यावर सुरी चालवण्याचे धैर्य त्याचे स्वतःचेच असते. चित्रातला प्राणी पुन्हा काढता येईल. समुद्रातला वंश बुडाला, तर तो कोण परत आणील? म्हणून पकडणाऱ्याहून सोडणाराच थोर होय.