पडद्यावरचे राजकारण आणि तळेगावचा कामगार

दूरचित्रवाणी आपल्याला राजकारण दाखवते, हे खरे. पण ज्याच्या पोटापाण्यासाठी हे राजकारण चालते म्हणतात, तो माणूस पडद्यावर कितीसा दिसतो? मावळातल्या आपण विद्यार्थ्यांनी तरी हा प्रश्न विचारला पाहिजे.

सप्टेंबर २०२२ मध्ये वेदांता-फॉक्सकॉनचा सुमारे दीड लाख कोटींचा सेमीकंडक्टर प्रकल्प तळेगावऐवजी गुजरातेत जाणार, असे जाहीर झाले. मग वाहिन्यांवर एकच खडाजंगी : प्रकल्प कोणामुळे गेला? आजी सरकार माजीकडे बोट दाखवी, माजी आजीकडे. एक लाख रोजगारांचा आकडा सर्वांच्या तोंडी होता. पण त्यांपैकी कोणते काम मावळच्या मुलाला जमले असते, त्यासाठी कोणते शिक्षण लागले असते, हे माझ्या तरी कानी आले नाही. पुढे जुलै २०२३ मध्ये फॉक्सकॉनच त्या भागीदारीतून बाहेर पडली.

त्याच तळेगावात २००८ साली सुरू झालेल्या जनरल मोटर्सच्या कारखान्यातील उत्पादन डिसेंबर २०२० मध्ये थांबले होते. न आलेल्या नोकऱ्यांवर एवढे रण माजले. मग हातच्या गेलेल्या नोकऱ्यांवर त्याच्या निम्मी तरी चर्चा नको होती का?

हा दोष केवळ आपल्याकडचा नव्हे. १९८४-८५ मध्ये ब्रिटनमध्ये थॅचर सरकारच्या काळात कोळसा खाणी बंद करण्याविरुद्ध मोठा संप झाला. १८ जून १९८४ रोजी ऑरग्रीव्ह येथे पोलीस व खाणकामगार यांच्यात चकमक झाली. बीबीसीच्या बातमीत दृश्यांचा क्रम उलटा लागला आणि कामगारांनी आधी दगड मारले असा समज झाला. ती अनवधानाने झालेली चूक होती, असे बीबीसीने नंतर सांगितले. पण पाहणाऱ्याचे मत तर त्याच रात्री बनले असणार! गंमत अशी की, 'हाउस ऑफ कॉमन्स'मध्ये कॅमेरे नियमित आले ते नोव्हेंबर १९८९ मध्ये. म्हणजे संपाच्या वेळी लोकांना घरबसल्या दगड दिसले, सभागृहातला वाद दिसला नाही. आपल्याकडे आज नेमके उलट आहे : वाद अखंड दिसतो, कामगार दिसत नाही.

कोणी म्हणेल, भांडणाखेरीज प्रेक्षक बसत नाही. असेलही. पण प्रेक्षक आपणच आहोत ना? पुढच्या वेळी 'प्रकल्प कोणी घालवला?' याबरोबरच 'काम कोणाला, किती दिवसांचे, किती पगाराचे?' हेही विचारू या. पडदा उत्तर देणार नसेल, तर तळेगावची एमआयडीसी इथून दूर नाही. पाळी सुटताना फाटकाशी उभे राहावे आणि विचारावे.