शेडला अनुदान मिळालं, हवेचं काय?

(पोस्ट मोठी आहे. ज्यांच्या दारात शेळ्या-मेंढ्या आहेत त्यांनी वेळ काढून वाचा. ज्यांच्या नाहीत त्यांनी ज्यांच्या आहेत त्यांना पाठवा.)

दिवाळी झाली, थंडी पडायला लागली. आता पुढचे तीन महिने माणदेशातल्या कुठल्याही जनावरांच्या दवाखान्यासमोर सकाळी जाऊन उभं राहा. पोत्यात गुंडाळलेली कोकरं, करडं घेऊन माणसं बसलेली दिसतील. नाक वाहतंय, धाप लागलीय, दूध ओढत नाही. विचारलं तर उत्तर ठरलेलं: "गारठ्यानं झालं साहेब."

मग पुढचा प्रश्न विचारा, कोकरू रात्री कुठं असतं? "शेडमध्ये. चारी बाजूंनी ताडपत्री बांधलीय, वारं शिरत नाही."

मंडळी, दुखणं बऱ्याचदा तिथंच असतं. गारठा आहेच, पण वारं शिरत नाही हे त्याहून मोठं कारण आहे.

बंदिस्त शेळी-मेंढीपालनाचं वारं आपल्याकडं गेल्या दहा-पंधरा वर्षांत जोरात आलं. चराऊ रानं कमी झाली, पोरं कळपामागं फिरायला तयार नाहीत, त्यामुळं ते येणारच होतं. २०१९ च्या पशुगणनेत राज्यात मेंढ्या सुमारे २७ लाख आणि शेळ्या एक कोटीच्या वर होत्या. म्हणजे हा काही चार हौशी लोकांचा विषय नाही. सरकारनंही योजना आणल्या. २०१७ साली राजे यशवंतराव होळकर महामेष योजना आली, २० मेंढ्या आणि १ नर, ७५ टक्के अनुदानावर. फेब्रुवारी २०२१ मध्ये शरद पवार ग्रामसमृद्धी योजनेचा शासन निर्णय निघाला आणि रोजगार हमीतून शेळ्यांच्या शेडला पैसे मिळायला लागले. दहा शेळ्यांच्या शेडला ४९,२८४ रुपये. गरिबाच्या दारात पक्कं शेड उभं राहिलं, याचा आनंदच आहे.

पण त्या शेडचं माप कधी नीट वाचलंय का? लांबी ३.७५ मीटर, रुंदी २ मीटर. म्हणजे साडेसात चौरस मीटर, आपल्या भाषेत ऐंशी चौरस फूट. दहा शेळ्यांत वाटलं तर एकीला आठ चौरस फूट. आणि पुढं लिहिलंय, चारही भिंतींची सरासरी उंची २.२० मीटर. वर पत्रा.

चारही भिंती. सव्वासात फूट. जनावरांचे डॉक्टर मोठ्या शेळी-मेंढीला निवाऱ्यात दहा ते बारा चौरस फूट जागा सांगतात, शिवाय फिरायला त्याच्या दुप्पट मोकळं आवार. ती जागा बाजूला ठेवा, पण आतली हवा बाहेर कुठून जाणार आणि बाहेरची आत कुठून येणार, याची काळजी मोजमापात कुठं दिसते? बिल निघतं ते भिंत मोजून. फोटो काढला जातो तो शेडसमोर फलक लावून. फोटोत वास येत नाही.

आता ह्या वासाचं गणित समजून घेऊ, कारण सगळा खेळ त्यावर आहे.

मेंढीच्या मुतातला युरिया आणि लेंडीतले जंतू एकत्र आले की अमोनिया तयार होतो. डोळ्याला आणि नाकाला झोंबतो तो हाच. तो जमिनीतूनच वर येत असल्यामुळं सगळ्यात दाट असतो तो जमिनीलगत. आपण शेडमध्ये उभे राहतो तेव्हा आपलं नाक साडेपाच फुटांवर. कोकरू बसतं तेव्हा त्याचं नाक फूटभरावर. आपल्याला "थोडा वास येतोय" वाटतं, तिथं ते रात्रभर झणझणीत हवा ओढत असतं. शिवाय आपलं नाक सरावतं. रोज शेडमध्ये वावरणाऱ्याला तो वास काही दिवसांनी येईनासाच होतो.

माणसाला कामाच्या ठिकाणी आठ तासांसाठी अमोनियाची मर्यादा साधारण २५ पीपीएम, म्हणजे हवेच्या दहा लाख भागांत २५ भाग, इतकी धरतात. बंदिस्त कोकराला आठ तासांनी सुट्टी नसते.

हा वायू श्वासनलिकेत गेला की तिथली बारीक लव काम करेनाशी होते. ही लव म्हणजे फुप्फुसाची झाडूवाली. आत आलेली धूळ, जंतू ती वर लोटत असते. पाश्चुरेल्ला जातीचे जंतू धडधाकट मेंढीच्याही नाका-घशात असतात, एरवी काही करत नाहीत. झाडूवाली बसली की ते खाली फुप्फुसात उतरतात आणि न्यूमोनिया होतो. त्यात शेड बंद असेल तर एकीचा श्वास दुसरीला, दुसरीचा तिसरीला. लस वेळेवर द्यायलाच पाहिजे, त्याला पर्याय नाही. पण लस दिली म्हणून घाणेरडी हवा चालते, असं नाही.

दुसरी गोष्ट ओलीची. मेंढ्या श्वासातून, अंगातून रात्रभर वाफ सोडतात. ती वाफ बाहेर गेली नाही की थंड पत्र्याला आतून चिकटते आणि पहाटे थेंब थेंब खाली पडते. खालची लेंडी ओली, अंगावरची लोकर ओली. म्हणजे थंडीपासून वाचवायला शेड बंद केलं आणि त्या बंद शेडनंच जनावर भिजवलं!

इथं कोणी म्हणेल, पत्रकार साहेब, डिसेंबर २०२१ विसरलात का? नाही विसरलो. त्या महिन्याच्या सुरुवातीला अवकाळी पाऊस आणि थंडी एकदम आली आणि पुणे, नगर, नाशिक भागात उघड्यावर बसलेल्या मेंढ्या शेकड्यांनी गेल्या. रानात मेलेल्या मेंढ्यांच्या रांगा आणि शेजारी बसलेले मेंढपाळ, ते फोटो अजून डोळ्यासमोर आहेत. पण त्या मेंढ्या नुसत्या थंडीनं गेल्या का? कोरडी लोकर अंगावर असलेली, पोटभर खाल्लेली मेंढी थंडी चांगली काढते. पोटात चारा आंबतो, त्याची ऊब तिला आतून असते. त्या रात्री पाऊस, वारा आणि थंडी तिन्ही एकत्र आले. भिजलेल्या लोकरीतून ऊब निघून गेली. तिथं गरज होती ती डोक्यावर छपराची आणि वाऱ्याच्या बाजूला आडोशाची. त्यातून आपण धडा घेतला तो चार भिंती बांधून वरून ताडपत्री गुंडाळण्याचा.

आपल्या धनगर समाजाला हे पिढ्यान् पिढ्या ठाऊक आहे. शेतात वाघर लावून मेंढ्या बसवतात आणि एक-दोन रात्रींत जागा बदलतात. शेतकऱ्याला खत मिळतं हे आपण बघतो. पण मेंढीला रोज कोरडी, ताजी जागा मिळते हे आपल्या लक्षात येत नाही. तिथं अमोनिया साठायला वेळच मिळत नाही. आणि नुकतं जन्मलेलं कोकरू मात्र ते उघड्यावर टाकत नाहीत, त्याला आडोसा करतात. कुणाला वारा आणि कुणाला आडोसा, हे त्यांना कळतं. माळवदाच्या घरालाही धूर आणि उजेडासाठी वर साणं ठेवलेलं असायचं. आपण पत्रा घातला आणि साणं विसरलो.

मग करायचं काय? फार खर्च नाही, ऐका.

पहिलं, स्वतः तपासा. पहाटे पाच वाजता, शेड उघडण्याआधी आत जा आणि कोकराच्या शेजारी उकिडवं बसा. पाच मिनिटं. डोळ्यांत पाणी आलं, घसा खवखवला, तर कोकराचं काय होत असेल ते समजा. वर पत्र्याला हात लावा. ओला लागला तर हवा खेळत नाही. खाली गुडघा टेकवा. विजार भिजली तर बैठक बदलायला झाली. हवा कुठून कुठं जाते बघायचं असेल तर उदबत्ती पेटवा आणि धूर बघा. चारा-पाचटापासून लांब धरा म्हणजे झालं.

दुसरं, झोत आणि हवा यातला फरक ओळखा. कोकराच्या अंगावर थेट गार झोत नको, हे बरोबर. म्हणून खालचे तीन फूट बंद ठेवा, भिंत असो वा बारदान. त्याच्या वर जाळी. ताडपत्री लावायचीच तर खालून वर चढवता येईल अशी लावा, वर वळचणीला हातभर जागा कायम उघडी. पाऊस-वारं आलं तर ज्या बाजूनं येतंय तेवढीच बाजू बंद करा, चारही नाही.

तिसरं, आढ्याला वाट द्या. गरम, दमट हवा वर चढते. वळचणीतून गार हवा आत येते आणि आढ्यातून गरम हवा बाहेर जाते. विजेचा पंखा नको, काही नको. अंदाज असा: शेडच्या दर दहा फूट रुंदीला आढ्यावर दोन इंच सलग फट. वीस फुटी शेडला चार इंच. वरून पत्र्याची टोपी बसवली की पाऊस आत येत नाही. एकाच उताराचं शेड असेल तर उंच बाजूला पत्र्याखाली फूटभर मोकळं सोडा.

चौथं, नवीन बांधत असाल तर लांबी पूर्व-पश्चिम धरा. म्हणजे उन्हाळ्यात लांब बाजूनं ऊन आत घुसत नाही. आपल्याकडं मे महिन्यात पत्र्याखाली उभं राहवत नाही. पत्र्यावर चुन्याचा पांढरा हात मारा नाहीतर पाचट टाका.

पाचवं, चुन्याबद्दल. पुष्कळ जण ओल्या लेंडीवरच चुना भुरभुरतात, वास मारायला. उलट होतं. चुन्यानं अमोनिया आणखी सुटतो. आधी लेंडी काढा, जागा वाळू द्या, मग चुना टाका. प्लॅस्टिकच्या जाळीदार फळ्यांचं उंच शेड असेल तर खालचा माल वेळेवर ओढा. फळीखाली महिनोन् महिने साठलं तर तोच वायू फटीतून वर येतो.

आणि एक हिशेब. अमोनिया म्हणजे नत्र. जो वास नाकाला झोंबतोय तो लेंडीखतातला कस हवेत चाललाय. कोरडी बैठक ठेवली तर कोकरूही राहतं आणि खतही राहतं.

"सगळं खरं, पण जाळी लावली तर चोर नेतील, लांडगा येईल." हे मला गावोगाव ऐकायला मिळतं आणि ते खोटं नाही. रातोरात पिकअपमध्ये बोकडं भरून नेल्याच्या तक्रारी आपण वाचतो. पण त्यावर उपाय जाड चेनलिंक जाळी, मजबूत दार, कुलूप, दिवा आणि कुत्रं. हवा बंद करून चोर थांबत नाही. अर्ध्या भिंतीचा वाचलेला पैसा जाळीला लागतो.

आता मुद्दा सरकारचा. भिंतीचं अंदाजपत्रक अभियंता करतो, मंजुरी पंचायत समिती देते, आणि जनावर आजारी पडलं की धावपळ पशुधन विकास अधिकाऱ्याची. ज्याला जनावराचं दुखणं कळतं त्याचा सल्ला शेडच्या नकाशात सक्तीनं घेतला पाहिजे. माझी मागणी साधी आहे. त्याच पैशात तीन फूट भिंत, वर जाळी आणि आढ्याला फट, असा एक पर्यायी नकाशा मंजूर करा. जागा दर जनावरी किमान दहा चौरस फूट धरा. पुण्यश्लोक अहिल्यादेवी महाराष्ट्र मेंढी व शेळी विकास महामंडळाची प्रक्षेत्रं आपल्या दाराशी आहेत, दहिवडीला, रांजणीला, महूदला. तिथं असं एकेक नमुना शेड उभं करा आणि लाभार्थ्याला बांधकामाआधी दाखवा. शिबिरात तासभर भाषण ऐकण्यापेक्षा ते उपयोगी पडेल.

ग्रामसभेत हे विचारणं अवघड नाही. "आमच्या गावात किती शेड झाली?" हा प्रश्न नेहमीचा आहे. यावेळी आणखी एक विचारा: "त्यातल्या किती शेडात आज जनावर आहे?" रिकाम्या शेडात सरपण आणि मोटारसायकल ठेवलेली तुम्हीही बघितली असेल. कर्ज काढून घेतलेली पाच-दहा जनावरं पहिल्याच हिवाळ्यात खोकून गेली की माणूस परत नाद करत नाही. गाव म्हणतं, ह्याला धंदा जमला नाही. शेडकडं कोणी बोट दाखवत नाही.

आणि शेवटचं. त्या शेडमध्ये सकाळी वाकून लेंडी कोण झाडतं? बहुतेक घरात बाई. तिचंही नाक त्या वेळी कोकराच्याच उंचीवर असतं. तिच्या खोकल्याला आपण "धुळीनं झालं असेल" म्हणतो आणि सोडून देतो. कोकरासाठी नसेल तर तिच्यासाठी तरी त्या पत्र्याला वाट करा.

आज रात्री ताडपत्री बांधताना वरचा हातभर भाग उघडा सोडा आणि पहाटे जाऊन बसून बघा. काय फरक जाणवला ते खाली लिहा. कोणाच्या गावात नीट हवेशीर शेड असेल तर फोटो टाका, नकाशा कसा असावा हे पंचायत समितीला दाखवायला उपयोगी पडेल.