‘अफॉरेस्ट’ : एका क्रियापदाचे विस्मरण

‘अफॉरेस्ट’ या इंग्रजी क्रियापदाचा मराठीत स्थिरावलेला अर्थ एकच आहे : झाडे लावून वन निर्माण करणे, म्हणजेच वनीकरण. या शब्दाचा जुना अर्थ मात्र वेगळा होता. मध्ययुगीन इंग्लंडच्या कायद्यात ‘अफॉरेस्ट’ करणे म्हणजे एखादा भूभाग राजाच्या वनकायद्याखाली आणणे. त्यासाठी एकही झाड लावावे लागत नसे. इतकेच काय, तेथे झाडे असण्याचीही अट नसे. त्याचे विरुद्धार्थी क्रियापद ‘डिसअफॉरेस्ट’. त्या कृतीत झाड तुटत नसे. तो भूभाग वनकायद्याच्या अमलातून मोकळा होत असे. मराठीत हा अर्थ मृत समजून व्युत्पत्तिकारांच्या हवाली करण्याची प्रथा आहे. ही प्रथा निराधार आहे. हे क्रियापद आपल्या जुन्या अर्थाने इंग्रजी बोलण्यातून गेले असेल. पण चंद्रपूर आणि गडचिरोली या दोन जिल्ह्यांत ते ज्या कृतीचे नाव होते ती कृती दीड शतक अखंड चालू आहे. ज्या समीक्षेला ती दिसत नाही, ती समीक्षा या भूप्रदेशाविषयीचे मराठी लेखन अर्धेच वाचते.

प्रथम शब्दाचा इतिहास. ‘फॉरेस्ट’ या शब्दाचे मूळ सामान्यतः ‘बाहेर’ या अर्थाच्या ‘फोरिस’ या लॅटिन शब्दाशी जोडले जाते. जे सर्वसाधारण कायद्याच्या आणि सामाईक वापराच्या बाहेर ते फॉरेस्ट. १०६६ नंतर नॉर्मन राजांनी इंग्लंडमध्ये ही संस्था विस्तारली. राजाच्या फॉरेस्टमध्ये शेते, कुरणे, माळ आणि नांदती गावेही येत. तेथे हरणाची शिकार हा गुन्हा होता आणि हिरवा पाला तोडणे हाही गुन्हा होता. १२१५ च्या मॅग्ना कार्टामागोमाग १२१७ मध्ये तिसऱ्या हेन्रीच्या नावाने निघालेल्या वनसनदेचे पहिलेच कलम या क्रियापदाभोवती फिरते : दुसऱ्या हेन्रीने स्वतःच्या खाजगी मालकीबाहेरची जी जी वने इतरांचे नुकसान करून ‘अफॉरेस्ट’ केली, ती ‘डिसअफॉरेस्ट’ करावीत. ही सनद १९७१ पर्यंत इंग्लंडच्या कायद्यात टिकून होती. तिच्या भाषेत वन हे निसर्गाने दिलेले नव्हते. ते कोणीतरी केलेले होते, आणि म्हणूनच ते ‘न-केलेले’ करता येत होते. क्रियापदाला कर्ता होता, कर्म होते, आणि ज्याचे नुकसान झाले त्याचीही त्या वाक्यात जागा होती.

जे. एल. ऑस्टिन यांनी काही वाक्ये वर्णन करीत नाहीत, कृती करतात, असे दाखवून दिले. मराठी समीक्षेने हा सिद्धान्त रंगभूमीच्या आणि काव्याच्या चर्चेत वापरला आहे. त्याचे अधिक कठोर उदाहरण भारतीय वन अधिनियम, १९२७ हे आहे. कलम ४ नुसार शासन एखादा भूभाग राखीव वन करण्याचा आपला निर्णय अधिसूचनेने जाहीर करते. कलम ६ नुसार जाहीरनामा निघतो आणि ज्यांचे हक्क असतील त्यांना ते मांडण्यासाठी किमान तीन महिन्यांची मुदत मिळते. कलम ९ नुसार, काही अपवाद सोडता, ज्या हक्कांसाठी दावा केला गेला नाही ते नष्ट होतात. कलम २० नुसार अंतिम अधिसूचना निघते आणि ठरलेल्या तारखेपासून ती जमीन राखीव वन ‘होते’. त्या तारखेला जमिनीवरील एक पानही हललेले नसते. बदललेले असते ते तिच्यावर चालणाऱ्या माणसाचे स्थान : आदल्या दिवशी सरपण आणणारा दुसऱ्या दिवशी अपराधी ठरतो. १८७८ च्या कायद्यातही हीच रीत होती. बाराव्या शतकातील ‘अफॉरेस्ट’ ते हेच. फक्त राजाच्या जागी राजपत्र आले.

या संहितेतील एका तपशिलाकडे साहित्याच्या अभ्यासकांनी तरी दुर्लक्ष करावयास नको होते. कलम ६ मधील जाहीरनामा आसपासच्या प्रत्येक गावात ‘स्थानिक भाषेत’ प्रसिद्ध करावा असे कायदा सांगतो. भामरागड किंवा एटापल्लीच्या परिसरात स्थानिक भाषा कोणती? घरातली भाषा माडिया किंवा गोंडी. कचेरीची भाषा मराठी. गोंडी आजही संविधानाच्या आठव्या अनुसूचीत नाही. कलम ९ ज्या मौनाला हक्कत्याग मानते, त्या मौनामागे संमती आहे की केवळ न कळणे आहे, हे ठरविण्याचे साधन त्या कायद्यात नाही. एका भाषेत वाचलेले वाक्य दुसऱ्या भाषेतील माणसाचा हक्क संपवू शकते, आणि त्या व्यवहारात मराठी ही सत्तेची भाषा असते. इंग्रजीच्या वर्चस्वाविषयी सतत तक्रार करणाऱ्या मराठी समीक्षेने हा आरसा क्वचितच हाती घेतला आहे.

यावर एक आक्षेप हमखास घेतला जातो. शब्दाचा मूळ अर्थ हाच खरा अर्थ मानणे हा व्युत्पत्तिदोष आहे. अर्थ प्रचलित वापराने ठरतो. ‘अफॉरेस्ट’ म्हणजे आज झाडे लावणे, तेव्हा जुन्या अर्थाचा हट्ट हे पांडित्यप्रदर्शन होय. आक्षेपातील तत्त्व बरोबर आहे, वस्तुस्थिती चूक आहे. प्रचलित वापर म्हणजे केवळ बोलणाऱ्यांचा आणि लिहिणाऱ्यांचा वापर नव्हे. न्यायालये आणि महसूल कचेऱ्याही भाषा वापरतात, आणि त्यांच्या वापराला पोलीसबळ असते. १२ डिसेंबर १९९६ रोजी गोदावर्मन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ‘फॉरेस्ट’ हा शब्द त्याच्या कोशातील अर्थानुसार घ्यावा असे सांगितले, आणि त्याचबरोबर सरकारी दप्तरात वन म्हणून नोंदलेली प्रत्येक जमीनही, मालकी कोणाचीही असो, त्यात धरली. म्हणजे दोन अर्थ एकाच आदेशात शेजारी बसले : झाडांचा अर्थ आणि नोंदीचा अर्थ. यांतील दुसरा अर्थ हा ‘अफॉरेस्ट’चा जुना अर्थ आहे.

त्याची कसोटी पूर्व विदर्भात लागली. येथे ‘झुडपी जंगल’ या नावाची जमीन आहे, सुमारे ८६ हजार हेक्टर. मालगुजारी आणि जमीनदारी नष्ट करणारा मध्य प्रदेशचा १९५० चा कायदा १९५१ मध्ये अमलात आला. मालगुजारांच्या पडीत आणि खुरट्या झुडपांच्या जमिनी सरकारजमा झाल्या आणि पुढे गावांच्या निस्तारासाठी नोंदल्या गेल्या. गुरे चारावीत, काटक्या आणाव्यात, अशी ती जमीन. तिच्यावर कालांतराने घरे, शाळा, स्मशाने, कचेऱ्याही उभ्या राहिल्या. २२ मे २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने १९९६ च्या आदेशाला अनुसरून झुडपी जंगल ही वनजमीन आहे असा निर्णय दिला. १२ डिसेंबर १९९६ पूर्वीच्या वाटपांसाठी सवलतीची वाटही ठेवली. निर्णय योग्य की अयोग्य हा येथे मुद्दा नाही. ओसाड झालेल्या जमिनीचे संरक्षण व्हावे यासाठी सबळ कारणे आहेतच. मुद्दा असा की एकविसाव्या शतकाच्या पहिल्या चतुर्थकात, एकही रोप न लावता, एका वाक्याने एवढा भूभाग वन ठरतो. हे क्रियापद मृत आहे असे म्हणणाऱ्यांनी याला कोणते क्रियापद वापरावयाचे ते सांगावे.

मराठी शब्दसंपत्तीने या बाबतीत समीक्षकांपेक्षा अधिक शहाणपण दाखविले आहे. संस्कृतातील ‘जांगल’ म्हणजे कोरडा, विरळ झाडांचा प्रदेश. आयुर्वेदाने तो पाणथळ ‘आनूप’ प्रदेशाच्या विरोधात मांडला. वसाहतकाळातील इंग्रजीत ‘जंगल’ घनदाट आणि भयकारी झाले, आणि ते रूप मराठी कथाकादंबऱ्यांतही आले. झुडपी जंगल हे या हिशेबाने जुन्या ‘जांगल’च्याच जवळ आहे. ‘रान’ या शब्दाने तर शेती आणि अरण्य यांच्यातील भिंतच मानली नाही : देशावरचा शेतकरी रानात जातो म्हणजे शेतात जातो, आणि गायरान व माळरान ही गावाचीच अंगे असतात. विदर्भातील ‘निस्तार’ हा शब्द त्याहून बोलका आहे. निस्तार म्हणजे तरून जाणे, निभावणे; गावाने वनातून सरपण, बांबू, चारा घेण्याच्या हक्काला हे नाव मिळाले. इंग्लंडच्या सामान्यजनांच्या सरपणाच्या हक्काला ‘एस्टोव्हर्स’ म्हणत, आणि तो शब्द ‘गरजेचे असणे’ या अर्थाच्या जुन्या फ्रेंच क्रियापदावरून आला. दोन दूरच्या समाजांनी वनहक्काचे नाव गरजेवरून ठेवले. त्याउलट ‘राखीव’ हा शब्द पाहावा. ‘राखणे’ हे क्रियापद गावाचे आहे : गाव शेत राखते, गुरे राखते, देवराई राखते. ‘राखीव’ या विशेषणात राखणारा नाहीसा होतो. उरते ती फक्त मनाई.

कर्ता पुसण्याची हीच क्रिया समीक्षेत ‘निसर्गलेखन’ या वर्गवारीने केली आहे. मारुती चितमपल्ली यांच्या लेखनाचे उदाहरण घेता येईल. तीन दशकांहून अधिक काळ वनखात्यात राहिलेल्या या लेखकाने नवेगाव आणि परिसरातील आदिवासी, पारधी, मच्छीमार यांच्याकडून शब्द मिळवून मराठीला दिले. त्याबद्दल झालेला गौरव उचितच आहे. पण त्या गौरवात निवेदकाच्या स्थानाचा विचार आढळत नाही. हा निवेदक रात्री-अपरात्री ज्या वनात निःशंक हिंडतो, तेथे हिंडण्याचा त्याला अधिकार आहे. आणि त्याला पाखराचे नाव सांगणारा वाटाड्या त्याच वनात परवानगीने आहे. हा संबंध त्या गद्याच्या प्रत्येक संवादात आहे. तो वाचल्याने लेखनाचे मोल कमी होत नाही, वाढते. कारण कागदावर जे नाते खात्याने ठरविले होते त्याला शिष्य-गुरूच्या नात्यात उलटे करण्याची किमया त्या गद्यात घडते. समीक्षेने मात्र ‘निसर्ग’ म्हणून दार लावून घेतले.

देशीवादी समीक्षाही येथे फारशी उपयोगी पडलेली नाही. ‘फॉरेस्ट’ टाकून ‘रान’ म्हटले की वसाहतवाद संपला, अशी तिची धारणा दिसते. शब्द बदलला तरी कृती तीच राहते. ‘वनीकरण’ हा अस्सल संस्कृत घडणीचा शब्द ‘अफॉरेस्ट’चे काम बिनतक्रार करतो. विनायक तुमराम यांच्या कवितासंग्रहाचे ‘गोंडवन पेटले आहे’ हे शीर्षक या धारणेला पुरेसे उत्तर आहे. ‘गोंडवन’ या समासात लोक आणि वन एकत्र आहेत. ‘फोरिस’मधला बाहेरपणा त्यात मावत नाही. या कवितेला ‘विद्रोही’ म्हणून वेगळ्या कप्प्यात आणि चितमपल्लींना ‘निसर्ग’ म्हणून दुसऱ्या कप्प्यात ठेवणे म्हणजे एकाच वाक्याचा कर्ता आणि कर्म वेगवेगळ्या ग्रंथालयांत ठेवणे होय.

‘डिसअफॉरेस्ट’चा इतिहास याहून सावधगिरी शिकवितो. १२१७ मध्ये हे क्रियापद सुटकेचे होते. पहिल्या चार्ल्सच्या काळात ते उलटले : जिलिंगहॅम, ब्रेडन यांसारखी राजवने ‘डिसअफॉरेस्ट’ करून, कुंपणे घालून धनिकांना देण्यात आली, सामान्यांचे चराईचे हक्क गेले आणि १६२६ ते १६३२ या काळात पश्चिम इंग्लंडात दंगे झाले. तेव्हा वनाचे वनपण काढणे म्हणजे लोकांची मुक्तता, असे सरसकट म्हणता येत नाही. मराठी प्रशासनात यासाठी ‘निर्वनीकरण’ हा शब्द आहे. व्याकरणाने तो वनीकरणाचा विरुद्धार्थी आहे, कायद्याने नाही. १९२७ च्या अधिनियमाचे कलम २७ सांगते की राखीव वन राखीव राहिले नाही तरी त्यात पूर्वी नष्ट झालेले हक्क त्यामुळे पुन्हा जिवंत होत नाहीत. १२१७ चे क्रियापद गेलेले परत देत होते. १९२७ चे देत नाही. आणि ‘वळतीकरण’ नावाची तिसरी क्रिया तर या दोहोंच्या पलीकडची आहे. सुरजागडच्या टेकड्यांवर लोहखनिजासाठी वनजमीन वळती होते, झाडे जातात, पण वळती केलेल्या जमिनीचा कायदेशीर दर्जा सामान्यतः वनाचाच राहतो. झाड नसलेले फॉरेस्ट ही मध्ययुगीन कल्पना आहे असे ज्यांना वाटते, त्यांनी एटापल्ली तालुक्याकडे पाहावे.

या इतिहासात एक खरोखरीचे वळण आहे आणि तेही गडचिरोलीतच आहे. २००६ च्या वनहक्क कायद्याने ऐतिहासिक अन्यायाची कबुली दिली, आणि २००९ मध्ये धानोरा तालुक्यातील मेंढा (लेखा) या गावाला सुमारे १,८०० हेक्टर वनावर सामूहिक हक्क मिळाला. बांबूचे प्रकरण मात्र अडले, आणि अडले ते शब्दार्थावर. १९२७ च्या अधिनियमाने ‘झाड’ या शब्दाच्या व्याख्येत बांबू घातला होता. २००६ च्या कायद्याने त्याला गौण वनोपजात धरले. झाड म्हणावे तर खात्याचा, गौण वनोपज म्हणावे तर गावाचा. अखेर २७ एप्रिल २०११ रोजी तत्कालीन केंद्रीय मंत्री जयराम रमेश यांच्या उपस्थितीत वाहतूक परवान्यांचे पुस्तक ग्रामसभेच्या हाती आले. ‘दिल्ली-मुंबईत आमचे सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार’ ही मेंढ्याची घोषणा राजकीय म्हणून प्रसिद्ध आहे. ती व्याकरणाचीही आहे. गावाने वनाचे वनपण काढून मागितले नाही. वन वनच राहिले. ‘राखणे’ या क्रियापदाला त्याचा कर्ता परत मिळाला.

साहित्यसमीक्षेला यातून घ्यावयाचा धडा पद्धतीचा आहे. वन हे नाम दिसले की त्यामागचे क्रियापद शोधावे. क्रियापद सापडले की कर्ता विचारावा. आणि ज्याने दावा केला नाही, त्याला जाहीरनामा कोणत्या भाषेत ऐकू आला होता हेही विचारावे. विद्यापीठांतून वन, निसर्ग आणि पर्यावरण यांवर प्रबंध लिहिले जातात. त्यांच्या पहिल्या प्रकरणात अरण्यकांपासून परंपरा सांगितली जाते आणि कलम ९ चा उल्लेखही नसतो. अरण्यके राहू द्यावीत. पण गडचिरोलीविषयी लिहिताना राजपत्र हीसुद्धा एक संहिता आहे, आणि आजवर तिच्याइतके परिणामकारक मराठी गद्य त्या वनाविषयी दुसरे लिहिले गेलेले नाही.