बार्दोचं करायचं काय?

28 डिसेंबर 2025 ला ब्रिजित बार्दो गेली. वय वर्षं 91. दुसऱ्या दिवशी सोमवार होता, वर्षअखेरमुळे अर्धं हापिस सुट्टीवर, जेवायच्या टेबलावर आम्ही तिघंच. एकजण म्हणाला, "ती बिकिनीवाली ना?" दुसरी म्हणाली, "जाऊ दे रे, रेसिस्ट होती म्हातारी." आणि संध्याकाळपर्यंत मोबाईलवर एक फॉरवर्ड येऊन धडकला, ज्यात बाई म्हणजे साक्षात देवी होती. का, तर तिने बकरी ईदबद्दल "खरं बोलायची हिंमत" दाखवली.

तिन्ही मतं मला पटली नाहीत, म्हणून विकांताला हे लिहायला बसलोय.

पहिल्यापासून सुरू करू. "बिकिनीवाली" म्हणणाऱ्यांना असं सुचवायचं असतं की फोटोंवर जगलेली बाई, हिला काय कळणार? पंधराव्या वर्षी 'एल' मासिकाच्या मुखपृष्ठावर, 1956 च्या 'अँड गॉड क्रिएटेड वुमन'ने जगभर प्रसिद्ध, 1969 मध्ये फ्रेंच प्रजासत्ताकाचं प्रतीक असलेल्या मारियानच्या पुतळ्याला हिचा चेहरा. मान्य. पण याच बाईने जानेवारी 1962 मध्ये, म्हणजे ऐन भरात असताना, फ्रेंच टीव्हीवर जाऊन कशाबद्दल बोलावं? कत्तलखान्यांबद्दल. तिची मागणी साधी होती. जनावराच्या कपाळावर एक पिस्तूल टेकवायचं, त्यातून गोळीऐवजी लोखंडी दांडी सुटते आणि परत आत जाते, जनावर त्या क्षणी बेशुद्ध पडतं, आणि मगच गळा कापायचा. 1964 साली फ्रान्समध्ये आधी बेशुद्ध करणं कायद्याने बंधनकारक झालं, धार्मिक कत्तलीला सवलत ठेवून. श्रेय एकट्या तिचं नाही, पण ज्या विषयावर बोलायला कुठलीही नटी धजली नसती तो तिने घराघरात नेला.

1973 मध्ये, चाळिशीच्या आत, तिने सिनेमा सोडला. 1977 मध्ये कॅनडाच्या पूर्व किनाऱ्यावरच्या बर्फावर जाऊन उभी राहिली, कारण तिथे सीलची पांढरी पिल्लं कातड्यासाठी डोक्यात टोले घालून मारत. ती पांढरी लव जेमतेम दोन-तीन आठवडे टिकते, म्हणून घाई. पिल्लाला कवटाळलेल्या बार्दोचा फोटो जगभर गेला. 1983 मध्ये युरोपीय आर्थिक समुदायाने त्या कातड्यांची आयात बंद केली, 1987 मध्ये कॅनडाने पांढऱ्या पिल्लांची व्यापारी शिकारच थांबवली. 1986 मध्ये तिने स्वतःच्या नावाची संस्था काढली, आणि पुढच्या वर्षी तिच्यासाठी दागिने आणि कपडे लिलावात विकले. 1992 मध्ये संस्थेला सरकारमान्यता मिळवायला पुरेसं भांडवल दाखवायचं होतं, तर सेंट ट्रोपेचं राहतं घर संस्थेला लिहून दिलं. आपल्यापैकी किती जण एखाद्या कारणासाठी राहतं घर सोडाच, पार्किंगची जागा तरी देतील? तर "बिकिनीवाली" हा विषय इथे संपला.

आता दुसरी बाजू. तीही पुराव्यानिशीच आहे. 1996 मध्ये तिने 'ल फिगारो'त ईदच्या कुर्बानीविरुद्ध लिहिलं, आणि त्यावरून 1997 मध्ये अपिलात दोषी ठरली. वांशिक द्वेष भडकवल्याबद्दल 1997 ते 2008 या काळात एकूण पाच वेळा शिक्षा. शेवटचा दंड 15,000 युरो.

इथे जरा थांबा, कारण माझ्या मते सगळी मेख इथे आहे. 1962 आणि 1996, विषय तोच: जनावराला आधी बेशुद्ध करा. पण 1962 मध्ये तिचा प्रश्न होता, जनावर *कसं* मरतं? 1996 मध्ये प्रश्न झाला, ते *कोण* मारतं? पहिल्या प्रश्नाला उत्तर असतं. यंत्र, नियम, तपासणी. दुसऱ्या प्रश्नाला उत्तर नसतंच, नुसता आरोपी असतो. आणि तो आरोपी काहीही करून सुटत नाही, कारण त्याचा गुन्हा म्हणजे तो स्वतःच असतो.

"मग काय, ईदबद्दल बोलूच नये?" हा प्रश्न येणारच. बोलावं की! बेल्जियमच्या फ्लँडर्स आणि वालोनी या भागांनी 2019 पासून बेशुद्ध न करता कत्तल करायला बंदी घातली. 2020 मध्ये युरोपीय न्यायालयाने असा नियम करता येतो असं सांगितलं. तो नियम मुसलमानांना लागू, ज्यूंना लागू, कुणाचाही देव न मानणाऱ्या खाटकालाही लागू. त्यावरही वाद आहे आणि असणार. पण वाद पद्धतीवर आहे. कुणाला देशाबाहेर हाकला, असं त्यात कुठे लिहिलेलं नाही.

आता फॉरवर्डवाल्यांसाठी एक खास माहिती. 2019 मध्ये बाईने रेयुनियन बेटाच्या प्रीफेक्टला पत्र लिहिलं. हे हिंदी महासागरातलं फ्रेंच बेट. तिथल्या लोकांमध्ये अजून रानटीपणाचे जीन्स शिल्लक आहेत अशा अर्थाचं तिने त्यात लिहिलं. आणि उदाहरण कुठलं दिलं? तिथल्या तमिळ सणांमध्ये बोकड कापण्याचं. ऊस तोडायला मजूर म्हणून नेलेल्या तमिळ हिंदूंच्या नातवंडा-पणतवंडांचे सण. 2021 मध्ये याबद्दल 20,000 युरो दंड झाला. तर मंडळी, ज्या तोंडाने ती "त्यांना" बोलली म्हणून तुम्ही टाळ्या वाजवल्या, त्याच तोंडाने ती "आपल्याला"ही बोलली. द्वेषाच्या यादीत आपलं नाव कितवं आहे एवढाच काय तो फरक.

मग हिशोब काय? मला वाटतं, हिशोब करूच नये. आपल्याला सवय लागलीये, सगळ्याची बेरीज-वजाबाकी करून एक आकडा काढायचा: माणूस चांगला की वाईट. वाचलेली सीलची पिल्लं तिच्या भाषेने मरत नाहीत. आणि तिच्या पत्रांनी ज्यांचा अपमान झाला त्यांना पिल्लं वाचल्याने भरपाई मिळत नाही. दोन वेगळी खाती आहेत, वेगळीच ठेवावीत.

एवढं शहाणपण शिकवून झालं, आता माझं सांगतो. आमच्या सोसायटीबाहेरच्या कुत्र्यांना खायला घालणाऱ्यांपैकी मी एक आहे. दोन वर्षांपूर्वी मागच्या वस्तीतल्या एका बाईने यातल्या एका कुत्र्याला काठी मारली. तिच्या पोराच्या अंगावर तो धावून गेला होता. आमच्या ग्रुपवर लगेच सुरू झालं, "असल्या लोकांना काय कळणार प्राण्यांचं", "ही वस्तीच उठवली पाहिजे". कुत्र्याची नसबंदी झालीये का, लस दिलीये का, खायला घालायची जागा पोरांच्या वाटेवरून हलवता येईल का, हे कुणीही विचारलं नाही. मीही नाही. मी एक रडका चेहरा टाकला आणि मीटिंगला गेलो.

1962 पासून 1996 पर्यंत यायला बार्दोला चौतीस वर्षं लागली. आम्ही तो प्रवास एका जेवणाच्या सुट्टीत केला.

त्या बाईला जाऊन भेटायचं अजून राहिलंय. खायला घालायची जागा मात्र गेल्या रविवारी हलवली.