अरुण आठवले आमचा कोण लागतो?

विजय तेंडुलकर १९ मे २००८ रोजी पुण्यात गेला. त्याच्यावर आजवर जे लिहून आलं त्याचे दोन ढीग होतात. एका ढिगात आरत्या. थोर नाटककार, हिंसेचा भाष्यकार, मराठी रंगभूमीला जगाच्या नकाशावर नेणारा वगैरे. दुसरा ढीग आपल्या लोकांचा. तेंडुलकर म्हणजे पांढरपेशा कावा, 'कन्यादान' म्हणजे दलितांच्या तोंडावर थुंकी, विषय खलास. मला दोन्ही ढीग मान्य नाहीत. आरतीवाल्यांना त्याचं नाटक झेपलेलं नाही आणि शिव्या देणाऱ्या आपल्यातल्या अर्ध्या पोरांनी ते वाचलेलंच नाही. न वाचता शिवी देणं हा बामणी धंदा झाला. तो आपण कशाला करायचा?

१९७२ साल घ्या. त्या एका सालात महाराष्ट्र दुष्काळात होरपळला, दलित पँथर उभी राहिली, नामदेव ढसाळचा 'गोलपिठा' निघाला, 'सखाराम बाइंडर'नं सेन्सॉरची आणि सभ्य लोकांची झोप घालवली, २ ऑक्टोबरला मुंबई दूरदर्शन सुरू झालं आणि डिसेंबरात पुण्यात 'घाशीराम कोतवाल' नाचायला लागला. यातल्या तीन गोष्टींत तेंडुलकरचा हात आहे. 'बाइंडर' त्याचं, 'घाशीराम' त्याचं आणि 'गोलपिठा'ची प्रस्तावनाही त्याचीच. ज्या पुस्तकाला मराठी मास्तर लोक हात लावायला घाबरत होते त्याच्यासाठी हा माणूस नामदेवबरोबर त्या वस्तीत फिरला. पांढरपेशा जग संपतं तिथं ही कविता सुरू होते, असं त्यानं सांगितलं. आपल्याला न कळलेले शब्द त्यानं कवीला विचारून घेतले. हे विसरून चालणार नाही. उपकार म्हणून नव्हे, हिशेब म्हणून. हिशेबात जमेची बाजूही लिहायची असते.

माणूस बघा कसा. सारस्वत घरातला, पण १९४२ च्या चळवळीत चौदाव्या वर्षी शाळा सुटली ती सुटलीच. म्हणजे आमच्यासारख्या मॅट्रिक पोरांपेक्षाही शिक्षण कमी. वर्तमानपत्रांत खर्डेघाशी केली, नाटकं लिहिली. १९६७ ला 'शांतता! कोर्ट चालू आहे', १९७० ला 'गिधाडे'. मग नेहरू फेलोशिप मिळाली, ती समाजातल्या हिंसेचा अभ्यास करायला. मग सिनेमा : 'सामना', 'निशांत', 'मंथन', 'सिंहासन', 'आक्रोश', 'उंबरठा', 'अर्धसत्य'. आणि दूरदर्शनवर 'स्वयंसिद्धा' ही मालिका, तिच्यात त्याचीच मुलगी प्रिया. रंगमंच, पडदा, टीव्ही असा हा तीन मजली संसार. आपण मात्र त्यातली एकच खोली बघतो, 'कन्यादान'ची, आणि दाराला लाथ मारून निघून येतो. मी म्हणतो, तिन्ही मजले फिरू. मग बोलू.

तेंडुलकरच्या तीन मारकुट्या पुरुषांना एका रांगेत उभं करू.

पहिला सखाराम. जन्मानं बामणाचा, घर सोडून पळालेला. नवऱ्यानं टाकलेल्या बायका घरी आणतो, राबवतो, पट्ट्यानं मारतो. शेवटी चंपाचा जीव घेतो.

दुसरा 'अर्धसत्य'मधला फौजदार अनंत वेलणकर. साल १९८३. त्याचा बाप पोलिसात, आईला मारायचा. ते बघत वाढलेला हा पोरगा पुढे कोठडीत एका आरोपीला मारून मारून ठार करतो. मूळ कथा श्री. दा. पानवलकरांची, पटकथा तेंडुलकरची.

तिसरा 'कन्यादान'मधला अरुण आठवले. साल पुन्हा १९८३. दलित, कवी. त्याचाही बाप दारू पिऊन आईला मारायचा. हा पोरगा समाजवादी आमदार नाथ देवळालीकरच्या मुलीशी, ज्योतीशी लग्न करतो आणि तिला मारतो. पोटुशी असतानाही मारतो.

तिघांचे हात सारखेच चालतात. आता थेटरातनं बाहेर पडणारी माणसं काय म्हणतात ते ऐका. सखाराम बघून म्हणतात : पुरुषाची जात अशीच. वेलणकर बघून म्हणतात : व्यवस्था माणसाला असं करते. अरुण बघून म्हणतात : ह्यांचं असंच असतं. सखारामला पुरुष मिळाला, वेलणकरला व्यवस्था मिळाली, अरुणला फक्त जात मिळाली. सखारामच्या पट्ट्यावरनं कुणी सारस्वत-कोकणस्थांच्या घरात काय चालतं त्याची चौकशी केली नाही. 'गिधाडे'त भाऊ बहिणीला लाथा घालून तिचं पोट पाडतात, तेव्हा पितळे आडनावाची सगळी माणसं अशीच, असं कुणी बोललं नाही. एकटा अरुण आठवले अख्ख्या समाजाचा मुखत्यार होऊन उभा राहतो.

यावर तेंडुलकरचे वकील म्हणतात, दोष प्रेक्षकाचा, लेखकाचा काय? नाटक खरं तर नाथवर आहे. अर्धं खरं आहे ते. नाथनं पोरीच्या लग्नाचा प्रयोग केला. जात मोडायची त्याला हौस, पण शरीर वापरलं पोरीचं. जावयाच्या आत्मकथनावर सभेत उभा राहून खोटी स्तुती केली ती त्यानंच. शेवटी ज्योती बापाची जी सालं काढते त्यात अख्ख्या समाजवादी सद्‌भावनेचा मुडदा पडतो. हे तेंडुलकरनं धाडसानं लिहिलं आणि ते आपण वाचायला पाहिजे. आपल्या खांद्यावर हात ठेवणारे नाथ आजही भरपूर आहेत. त्यांना दलित जावई पाहिजे असतो तो भाषणात सांगायला.

पण उरलेलं अर्धं तेंडुलकरच्याच पदरात पडतं. आपल्या मारण्याचं कारण अरुण स्वतःच्या तोंडानं सांगतो, आणि ते कारण असतं जात. मी त्या बापाचा, त्या वस्तीतला, मग असाच असणार. सखाराम आपलं तत्त्वज्ञान सांगतो, पण जातीची सबब सांगत नाही. वेलणकरच्या आत काय चाललंय ते कॅमेरा दाखवतो. अरुणच्या आत मात्र जातीशिवाय दुसरं काही सापडत नाही. कवी आहे म्हणतात, पण त्याची कविता कुठली? तो रात्री कसा लिहितो, कुठल्या मोर्च्यात लाठी खातो, कुणाच्या मयताला खांदा देतो? मी गोदीत माल उचलतो आणि कविता लिहितो. माझ्या टोळीतला प्रत्येक माणूस वेगळा आहे. एक दारू पितो, एक विपश्यनेला जातो, एक पोरीच्या फीसाठी दोन पाळ्या मारतो. यातला एकही नाटकात येत नाही. येतो तो नमुना. नामदेवला बरोबर घेऊन वस्ती बघितलेल्या लेखकाला अकरा वर्षांनी एवढाच माणूस दिसावा याचं मला वाईट वाटतं. राग नंतर येतो.

'आक्रोश' बघा, १९८० चा. लहान्या भिकू आदिवासी. बायकोवर अत्याचार करून तिला मारून टाकलेलं, आणि खुनाचा आरोप ह्याच्यावर. तो कोर्टात बोलत नाही, कोठडीत बोलत नाही. त्याच्यासाठी बोलायला वकील आहे कुलकर्णी. शेवटी बापाच्या चितेजवळ लहान्या कुऱ्हाड उचलतो आणि सख्ख्या बहिणीला तोडतो, तिच्यावरही तीच पाळी येऊ नये म्हणून. मग आभाळ फाटेल असा ओरडतो. ते बघून माझ्या अंगावर काटा आला. पण काटा बसल्यावर प्रश्न उरतो. तेंडुलकरचा आदिवासी मुका, दलित मारकुटा. एकाला जीभ नाही, दुसऱ्याच्या जिभेवर फक्त जात. दोघांचाही घाव पडतो तो घरातल्या बाईवर. मालकावर पडत नाही, पाटलावर पडत नाही, पोलिसावर पडत नाही. जो माणूस १९७२ साली रस्त्यावर उतरला, सभेत बोलला, लेख लिहून देश हलवला, तो बोलता माणूस ह्या तीन मजल्यांत कुठंच नाही.

आता आपल्या घरात या. आपल्या वस्तीत बाई मार खात नाही असं जो म्हणेल तो खोटारडा. भिंती पातळ आहेत, सगळ्यांना ऐकू येतं. 'कन्यादान'नंतर वर्षभरात, १९८४ साली, मलिका अमर शेखचं 'मला उद्ध्वस्त व्हायचंय' आलं. नामदेवशी झालेल्या संसारातली मारझोड आणि उपेक्षा तिनं उघडी लिहिली. बेबी कांबळेंनी 'जिणं आमुचं' लिहिलं, त्यातही आपल्याच पुरुषांच्या हातची सासुरवास-मारहाण आहे. या बायका बोलल्या तेव्हा आपल्यातल्या किती बहाद्दरांना ते पचलं? तेंडुलकरवर चप्पल फेकणं सोपं होतं. मलिकाचं पुस्तक मांडीवर घेऊन गप बसून वाचणं अवघड. ह्या बायकांनी लिहिलं ते खरं वाटतं, कारण त्यांच्या पुस्तकात भूक आहे, चळवळ आहे, प्रेम आहे आणि मारणारा माणूस अख्खा आहे. 'कन्यादान'मध्ये दलित बाई मंचावर येतच नाही. अरुणची आई फक्त अरुणच्या वाक्यात मार खाते.

कुणी म्हणेल, एका नाटकाचं एवढं काय? सांगतो. आमच्या चाळीतल्या एका दोस्तानं दुसऱ्या जातीतल्या पोरीशी लग्न ठरवलं. पोरीचा बाप पुरोगामी, घरात फुल्यांचा फोटो. तो म्हणाला, मी जात मानत नाही, पण मी 'कन्यादान' वाचलंय. झालं. एका पुस्तकाच्या आड जात सुखानं लपली. आता जमिनीवरचा हिशेब बघा. १ जानेवारी २०१३ ला नगर जिल्ह्यात सोनईला सवर्ण पोरीवरच्या प्रेमापायी तीन दलित पोरं मारून टाकली. २०१४ साली त्याच जिल्ह्यात खर्ड्याला सतरा वर्षांचं पोरगं तशाच संशयावरनं मारलं, आणि २०१७ साली कोर्टातनं सगळे आरोपी सुटले. मंचावर दलित जावई बायकोला मारतो. गावात दलित पोरगा जावई व्हायच्या आधीच मरतो. ही दुसरी गोष्ट सांगायला २०१६ साली नागराज मंजुळेचा 'सैराट' यावा लागला.

१९९३ चा सरस्वती सन्मान तेंडुलकरला ह्याच 'कन्यादान'साठी मिळाला. तो घेताना त्यानं सांगितलं की ह्याच नाटकासाठी मला चप्पलही मिळाली आणि मी दोन्ही निकाल मानतो. हे बोलायला दम लागतो. मला विचाराल तर दोन्ही निकाल चुकीचे. चप्पल मारणाऱ्यानं नाटकावर बोलणं बंद केलं आणि सन्मान देणाऱ्यानंही बंद केलं. चर्चा राहिली ती राहिलीच.

आणि टीव्ही? दूरदर्शन आलं तेव्हा वस्तीत एखाद्याच घरी सेट. अख्खी चाळ दारात बसायची, असं बाप सांगतो. नाट्यगृहात तिकीट काढून हजार माणूस बसतं, टीव्हीसमोर मुलूख बसतो. पण 'बाइंडर'साठी हायकोर्टापर्यंत लढता आलं, टीव्हीत लढायची जागाच नाही. आधी सरकार मंजूर करायचं, आता जाहिरातवाला करतो. म्हणून रंगमंचावर सखाराम आणणाऱ्या तेंडुलकरच्या वाट्याला टीव्हीवर सभ्य घरातली बाई आपल्या पायावर उभी राहते एवढंच आलं. विषय वाईट नाही. पण नाका तोच, हवालदार वेगळा. आपल्यातली जी पोरं आज मालिकांचे संवाद लिहायला अंधेरीला खेटे घालतात त्यांनी हे आधीच ओळखून जावं. २०१९ साली बाबासाहेबांवर रोजची मालिका आली, घराघरात बघितली गेली. म्हणजे आपला प्रेक्षक आहे. मग वस्तीतला आजचा माणूस त्या चौकटीत का नाही, हा प्रश्न प्रत्येक बैठकीत विचारा.

आपण काही रिकाम्या हातानं उभे नाही. भीमराव कर्डकांचे जलसे आपले. म. भि. चिटणीसांचं 'युगयात्रा' आपलं. १९७७ चं प्रेमानंद गज्वींचं 'घोटभर पाणी' आपलं, दत्ता भगतांचं 'वाटा पळवाटा' आपलं. २०१२ साली 'शिवाजी अंडरग्राउंड इन भीमनगर मोहल्ला' आलं : कल्पना संभाजी भगतची, लेखन राजकुमार तांगडेचं, दिग्दर्शन नंदू माधवचं. त्यानं दाखवून दिलं की आपलं नाटक हसवतं, गाणं म्हणतं, तिकीटबारीही चालवतं. त्यातला माणूस मुका नाही आणि नमुनाही नाही.

तेव्हा दोस्तांनो, तेंडुलकर वाचा. संवाद कसा लिहायचा, गप्प राहून कसं बोलायचं ते त्याच्याकडनं फुकट शिका, फी नाही. पण अरुण आठवलेला घरात घेऊ नका आणि त्याच्या नावानं गळाही काढू नका. तो देवळालीकरांच्या दिवाणखान्यात जन्मला, त्यांच्याच भीतीचं पोरगं आहे. आमचा कोणी लागत नाही. आमचा अरुण अजून लिहायचा आहे, आणि त्याच्या आधी त्याची आई लिहायची आहे. ती बोलायला लागली की आपल्यालाही खाली मान घालून ऐकावं लागेल. त्याची तयारी असेल त्यानंच पेन उचलावा.